काटोलच्या दगडाचं माहेर
(प्रस्तावना)

आमच्या रामपायलीकडे जड, काळा दगड हा काही नवलाचा विषय नाही. बालाघाट जिल्ह्याच्या पोटात मँगनीज आहे. भरवेलीच्या खाणीतून ते निघतं आणि ट्रकमधून सांडलेली त्याची ढेकळं रस्त्याच्या कडेला पोरांना सापडतात. पण मे २०१२ नंतर या दगडांकडे बघायची लोकांची नजर बदलली. काटोलला आकाशातून दगड पडल्याची बातमी नागपूरच्या वर्तमानपत्रांतून इकडे आली आणि पुढचे कित्येक महिने कोणी ना कोणी दुपट्ट्यात गुंडाळलेला दगड घेऊन माझ्या अंगणात येत राहिलं. ‘गुरुजी, रात्री तारा तुटला होता, सकाळी हा बांधीत सापडला.’

मी दोन गोष्टी करायचो. दोऱ्याला टांगलेलं चुंबक दगडाजवळ न्यायचं. मग चहाचा कप पालथा घालायचा आणि बुडाच्या ज्या कडेवर झिलई नसते, तिथे दगड घासायचा. मँगनीज असेल तर कपावर काजळासारखी रेघ उठते आणि चुंबक सहसा ढिम्म राहतं. आकाशातून आलेल्या दगडाचं नेमकं उलटं असतं. त्यात लोखंडाचे कण असतात म्हणून चुंबक झेपावतं, आणि कपावर जवळपास काहीच उमटत नाही. त्याचा काळेपणा फक्त कातडीचा, हवेतून येताना जळून बसलेला, नखाहून पातळ. कोपरा तुटलेला असेल तर आतून तो सिमेंटसारखा राखाडी दिसतो आणि त्यात धातूचे बारीक ठिपके चमकतात. मँगनीज मात्र आतबाहेर काळंच.

माझ्या अंगणात आलेल्या एकाही दगडाचं माहेर आकाशात निघालं नाही. कुणी हिरमुसलं, कुणी दगड तिथेच टाकून गेलं. पण उठता उठता जवळजवळ प्रत्येकानं विचारलं, ‘मग काटोलचा तो कुठून आला?’

मी सांगायचो, मंगळ आणि गुरू यांच्या मधल्या पट्ट्यातून. उत्तर चुकीचं नव्हतं, पण त्यानं माझंही समाधान होत नव्हतं. सोयरिकीच्या बैठकीत मुलगी कुठली म्हणून विचारावं आणि समोरून उत्तर यावं, ‘विदर्भातली’, असं ते उत्तर होतं. गाव सांगा, घर सांगा. त्या पट्ट्यात लाखोंनी लघुग्रह आहेत. त्यांतलं घर कोणतं, याचं ठामपणे मांडलेलं उत्तर ऑक्टोबर २०२४मध्ये ‘नेचर’ या शोधपत्रिकेत आलं, आणि ही पुस्तिका लिहायला मी त्या बातमीनंतरच बसलो. उत्तर आहे: मासालिया, लघुग्रह क्रमांक २०, आणि त्याच्या धडकांतून उडालेलं त्याचं कुटुंब.

आधी दगडाविषयी. २२ मे २०१२, दुपारचे दोन वाजून दहा मिनिटं. विदर्भातल्या मे महिन्यात त्या वेळी बाहेर कुणी नसतं. माणसं, गुरं, पाखरं सगळी सावलीला. अशा वेळी काटोलच्या परिसरात गडगडाट झाला आणि दगड पडले. पुढे तीसेक तुकडे हाती लागले, सगळ्यांत मोठा एक किलोच्या आसपास. तपासणीत त्याचा वर्ग ठरला एल-६. ‘एल’ म्हणजे तुलनेनं लोह कमी असलेला गट. ‘६’ म्हणजे जन्मघरात तो इतका भाजला गेला, की अशा दगडांत दिसणाऱ्या मूळच्या गोल कणिका, मोहरीहूनही लहान, भोवतालच्या स्फटिकांत मिसळून ओळखू येईनाशा झाल्या. आठ-नऊशे अंश सेल्सिअसची ती भाजणी. एवढी ऊब लहानशा खडकाच्या आत टिकत नाही. म्हणजे काटोलचा दगड कधी काळी एका मोठ्या धोंड्याच्या बराच आत होता. माहेर मोठं होतं, एवढं तो दगड स्वतःच सांगतो.

त्यानं आणखी एक गोष्ट सांगितली, आणि ती ऐकून मी त्या रात्री झोपलो नाही. या दगडात काळ्या, बारीक शिरा आहेत. दोन लघुग्रहांची धडक झाली तेव्हा क्षणभर वितळून पुन्हा गोठलेल्या या जागा. खरगपूरच्या आयआयटीतले सुजॉय घोष आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी या शिरांमध्ये ब्रिजमनाइट हे खनिज सापडल्याचं २०२१मध्ये जाहीर केलं. पृथ्वीत सगळ्यांत जास्त प्रमाणात असलेलं खनिज हेच, पण ते असतं ६६० किलोमीटरपेक्षा खोल, जिथे माणसाचं कोणतंही यंत्र पोचलेलं नाही. वर आणायला जावं तर दाब उतरताच ते मोडतं. आपल्या पायाखालची ही वस्तू आपल्याला मिळाली ती आकाशातून, आणि तीही काटोलच्या संत्र्याच्या मुलखात.

आता शोधाची गोष्ट. १ जानेवारी १८०१ला पालेर्मोमध्ये पियात्सींना पहिला लघुग्रह, सेरेस, दिसला. त्यानंतर सहा वर्षांत आणखी तीन सापडले आणि मग अडतीस वर्षं काहीच नाही. पुढचा, पाचवा, शोधला तो द्रिझन गावातल्या हेन्के नावाच्या टपाल खात्यातल्या माणसानं, १८४५मध्ये, पंधरा वर्षं रात्री जागून. त्यानंतर बांध फुटला. १८५२ या एका सालात आठ लघुग्रह सापडले. त्यांतला एक तर पॅरिसमधल्या एका चित्रकारानं.

त्याच वर्षी १९ सप्टेंबरच्या रात्री नेपल्सच्या कापोदिमोन्ते वेधशाळेत अन्निबाले दे गास्पारिस यांना एक ठिपका दिसला, जो त्या जागी असायला नको होता. हा माणूस या कामात मुरलेला. आयुष्यात त्यांनी नऊ लघुग्रह शोधले. दुसऱ्या दिवशी, २० सप्टेंबरच्या रात्री, मार्सेय शहरात ज्याँ शाकोर्नाक यांना तोच ठिपका स्वतंत्रपणे सापडला. नेपल्सची वार्ता त्यांच्या कानी नव्हती. जाहीर मात्र मार्सेयचा शोध आधी झाला, आणि नाव पडलं त्या शहराच्या जुन्या ग्रीक नावावरून: मासालिया. पहिला मान दे गास्पारिस यांचा, हे आज सर्वमान्य आहे. नाव मात्र दुसऱ्याच्या गावाचं. तोवर लघुग्रहांना देवदेवतांची नावं द्यायचा शिरस्ता होता आणि प्रत्येकाला एखादं चिन्हही काढून द्यायचे. मासालियापाशी देवताही नाही आणि चिन्हही नाही. शहराचं नाव आणि एक आकडा, बस.

दोघांना एका रात्रीच्या अंतरानं तोच ठिपका दिसावा, यात मला योगायोग फारसा वाटत नाही. सूर्य वर्षभर ज्या वाटेनं राशींतून फिरताना दिसतो, ते क्रांतिवृत्त. मासालियाची कक्षा या वाटेला जेमतेम पाऊण अंश कललेली आहे. म्हणजे हा लघुग्रह ती वाट सोडतच नाही. आणि शाकोर्नाक तर नेमके याच वाटेवरच्या बारीकसारीक ताऱ्यांचे नकाशे काढत होते. ज्या रस्त्यावर तुम्ही रोज दिवा घेऊन उभे आहात, त्याच रस्त्यानं वाटसरू जाणार असेल, तर तो भेटणारच.

या कामात आपल्या देशाचाही वाटा आहे आणि तो मराठी पुस्तकांत फार कमी येतो. नॉर्मन पॉगसन १८६१मध्ये मद्रासच्या वेधशाळेत रुजू झाले आणि १७ एप्रिल १८६१ला त्यांना तिथून लघुग्रह क्रमांक ६७ सापडला. आशिया खंडातून शोधलेला हा पहिलाच, म्हणून नाव ‘एशिया’. मद्रासहून त्यांनी असे पाच शोधले. ताऱ्यांच्या तेजस्वितेची जी मोजपट्टी आज जगभर वापरतात, तिला गणिताचा पक्का पाया याच पॉगसननी १८५६मध्ये दिला होता. त्यांच्या हाताखाली चिंतामणी रघुनाथाचारी होते, ज्यांनी १८६७मध्ये एक रूपविकारी तारा शोधला. पॉगसनच्या पाचांपैकी सिल्व्हियाला स्वतःचे दोन चंद्र आहेत, हे कळायला २००५ साल उजाडलं! मद्रासच्या उकाड्यात घाम पुसत टिपलेल्या त्या ठिपक्याला दोन चंद्र. त्या पाचांवर मराठीत वेगळं पुस्तक व्हायला हवं. इथे मी मोह आवरला आहे.

ठिपका ‘हलला’ म्हणजे नेमकं काय, हे वाचून कळत नाही, म्हणून माझ्या वहीतलं सांगतो. मासालिया जेव्हा सूर्याच्या बरोबर समोरच्या बाजूला आणि पृथ्वीच्या जवळ असतो, तेव्हा त्याची प्रत, म्हणजे पॉगसनच्या मोजपट्टीवरचा आकडा, ८.३पर्यंत जाते. नुसत्या डोळ्यांना दिसणाऱ्या सगळ्यांत मंद ताऱ्याहून तो आठपट तरी फिका असतो. पण दहा-बाय-पन्नासची द्विनेत्री त्याला पकडते. माझ्याकडे तीच आहे. धान कापून झाल्यावर बांध्या मोकळ्या होतात, पाऊस गेलेला असतो, धूळ बसलेली असते. मी बाज अंगणात घेतो, कोपर छातीवर टेकवतो आणि चौकटीच्या वहीत ताऱ्यांचे ठिपके मांडतो. एका पानावर वीस-पंचवीस. चूक होते, खोडतो, पुन्हा बघतो. दोन रात्रींनी तोच तुकडा दुसऱ्या पानावर मांडायचा आणि दोन्ही पानं कंदिलासमोर एकावर एक धरायची. सगळे ठिपके जुळतात. एक जुळत नाही.

त्या काळात तो दिवसाला चंद्रबिंबाच्या निम्म्याएवढा सरकतो, म्हणजे दोन दिवसांत अख्ख्या बिंबाएवढा. मला जागा आधीच माहीत होती, नकाशा हाताशी होता, आणि तरीही तो न जुळणारा ठिपका पाहताना माझा हात थरथरला होता. दे गास्पारिस यांना त्या रात्री काहीच माहीत नव्हतं.

एवढ्यावर शोध संपत नाही, हे या पुस्तिकेचं मुख्य म्हणणं आहे. १८५२मध्ये हाती आला तो उजेडाचा एक कण आणि त्याची वाट. वाट लवकर मोजली गेली: सूर्यापासून सरासरी ३६ कोटी किलोमीटर, जवळ येतो तेव्हा ३१ आणि लांब जातो तेव्हा ४१ कोटी, एक फेरी पावणेचार वर्षांची. पण तो आहे केवढा, गोल की वेडावाकडा, कशाचा बनलेला, हे सांगायला पुढच्या कित्येक पिढ्या लागल्या. शोध लावणाऱ्यांच्या हयातीत मासालियाला अंगच नव्हतं, नुसतं तेज होतं.

अंग मिळालं ते असं. एखादा ठिपका तासातासाला थोडा उजळतो, थोडा मंदावतो आणि ठरावीक वेळानं तीच चढउतार पुन्हा होते, याचा अर्थ तो लांबट आहे आणि स्वतःभोवती फिरतो आहे. कधी रुंद बाजू आपल्याकडे, कधी अरुंद. मासालियाचा असा दिवस ८ तास ६ मिनिटांचा आहे. आपल्या एका दिवसात त्याच्यावर सूर्य जवळपास तीनदा उगवतो. आकाराचा माग लागला अवरक्त किरणांवरून. लहान पण चकचकीत खडक आणि मोठा पण काळपट खडक दुर्बिणीत सारखेच उजळ दिसू शकतात. मात्र उन्हानं तापून बाहेर टाकलेली ऊब दोघांची वेगळी असते. पत्र्याचं छप्पर आणि शेणानं सारवलेलं अंगण यांत दुपारी जो फरक जाणवतो, तोच. उपग्रहांनी ही ऊब मोजली, तेव्हा मासालियाचा व्यास १३५ ते १४५ किलोमीटरच्या दरम्यान निघाला. त्याच्यावर पडलेल्या प्रकाशाचा साधारण पाचवा हिस्सा तो परत फेकतो. आपला चंद्र आठवा हिस्साच फेकतो, म्हणजे मासालियाची माती चंद्राहून उजळ.

आकडा डोळ्यांसमोर यावा म्हणून मी पोरांना असं सांगतो. मासालियाची एक कड रामपायलीला, चंदन नदीच्या काठी टेकवली, तर रामटेक, सावनेर ओलांडून त्याची दुसरी कड काटोल गाठायच्या जरा अलीकडे संपेल. तेवढाच तो आहे. ज्याचा दगड काटोलला पडला, ते घर रामपायली ते काटोल या अंतरात मावतं, हे पहिल्यांदा नकाशावर मोजलं तेव्हा मी बराच वेळ नुसता बसून होतो.

‘कशाचा बनलाय’ हा प्रश्न सगळ्यांत अवघड ठरला. लघुग्रहावरून परतणारा सूर्यप्रकाश सात रंगांत पसरवला, की कोणते रंग खनिजांनी गिळले ते दिसतं. मासालिया ज्या वर्गात बसतो त्यात ऑलिव्हीन आणि पायरॉक्झीन ही खनिजं दिसतात, म्हणजे काटोलसारख्या दगडांत असतात तीच. मग गणित जुळलं म्हणायचं की! पण रंग जुळेना. लघुग्रह तांबूस दिसायचे, प्रयोगशाळेतले दगड राखाडी. कित्येक दशकं हा वाद चालला. जपानच्या हायाबुसा यानानं इतोकावा या छोट्या लघुग्रहावरची धूळ २०१०मध्ये पृथ्वीवर आणली, तेव्हा उलगडा झाला. आत दगड तोच. वरचा थर सूर्याकडून येणाऱ्या कणांच्या आणि सूक्ष्म धुळीच्या माऱ्यानं काळवंडून तांबूस पडलेला. लाकडी दार उन्हापावसात रंग बदलतं, तसं. रंधा मारला की आत जुनं लाकूड.

आता शेवटची कडी: दगड घरातून निघाला कसा. स्वीडनमध्ये किनेकुल्ले भागात चुनखडीची एक खाण आहे. तिथून फरशा काढतात. त्या फरशांत शंभराहून जास्त अशनी, म्हणजे आकाशातून पडलेले दगड, दगड झालेल्या शंखशिंपल्यांच्या शेजारी सापडले, जवळजवळ सगळे एल गटाचे. त्या थराचं वय सुमारे ४७ कोटी वर्षं. एल गटाच्या आजच्या कित्येक दगडांतलं, आर्गॉन वायूच्या प्रमाणावरून वय सांगणारं घड्याळही त्याच सुमाराच्या एका भयंकर धडकेची वेळ दाखवतं. तर त्या काळी पट्ट्यात कुणीतरी फुटलं होतं. कोण, यावर बराच काळ दुसऱ्याच एका कुटुंबाचं नाव घेतलं जायचं. २०२४मध्ये मिकाएल मार्से, मिरोस्लाव ब्रोझ आणि सहकाऱ्यांनी लघुग्रहांच्या वर्णपटांचा आणि कक्षांचा ताळा घालून दाखवलं, की सगळ्या खुणा एकट्या मासालियाच्या कुटुंबाशी जुळतात. आणि हेही, की गेल्या सुमारे ४ कोटी वर्षांत तिथे आणखी एक धडक झाली, जिचा चुरा आजही आपल्याकडे येतो आहे. पृथ्वीवर पडताना पाहिलेल्या अशनींपैकी एक तृतीयांशाहून जास्त एल गटाचे असतात, त्याचं कारण हे.

पण ३६ कोटी किलोमीटर दूरच्या घरातून उडालेली खपली वाट सोडून आपल्याकडे का वळते? धडकेचा जोर तेवढा नसतो. वळवतं ते ऊन. वैशाखात दिवस मावळला तरी अंगणातली फरशी तासन्तास धग सोडत राहते. फिरणारा खडकही तसाच: दुपारी तापलेली बाजू संध्याकाळकडे वळते आणि तिथून ऊब बाहेर टाकते. त्या ऊबेचा अत्यंत क्षीण रेटा खडकाला उलट दिशेला ढकलतो. लक्षावधी वर्षांत कक्षा तसूतसूनं सरकते. मासालियापासून थोडं बाहेर, सूर्यापासून ३७ कोटी किलोमीटरवर, पट्ट्यात एक रिकामी फट आहे. डॅनियल कर्कवूड यांनी अशा फटी १८६६मध्ये दाखवून दिल्या. तिथे आलेला खडक गुरूच्या एका फेरीत सूर्याभोवती बरोबर तीन फेऱ्या करतो. गुरूची ओढ दर वेळी त्याच त्या जागी बसते. पाळण्याला प्रत्येक झोक्यावर नेमका धक्का द्यावा, तशी कक्षा लांबत जाते, मंगळ ओलांडते, पृथ्वीची वाट कापते. मग एखाद्या दुपारी, दोन वाजून दहा मिनिटांनी.

शब्दांविषयी थोडं. आकाशात पेटलेली रेघ ती उल्का आणि जमिनीवर हाती लागलेला दगड तो अशनी, हा भेद मी सगळीकडे पाळला आहे. परकी नावं जमतील तशी मूळ उच्चाराजवळ ठेवली आहेत. गणित दोनच प्रकरणांत आहे आणि दहावीच्या मुलाला झेपेल एवढंच. वहीत ठिपके कसे मांडायचे, त्याचं प्रकरण मी सगळ्यांत लांब लिहिलं आहे; त्याला कात्री लावा असं काही मित्रांनी सुचवलं, पण मी ऐकलं नाही. ज्याच्या घरी दुर्बीण नाही त्यानंही ते वाचावं, मागून आणलेली द्विनेत्री चालते.

आणि एक विनंती, कारण या मुलखात पुढचा दगड कधी पडेल ते सांगता येत नाही. पडला, तर त्याला हळद-कुंकू लावू नका, धुऊ नका, आत काय आहे बघायला हातोडी घेऊ नका. त्यातलं लोखंड आपल्या पावसाळी हवेत आठवड्याभरात गंजू लागतं. कोरड्या, स्वच्छ फडक्यात गुंडाळा. कुठे पडला तिथे खुंटी ठोका, वेळ लिहून ठेवा, आवाज कोणत्या दिशेनं आला ते चार जणांना वेगवेगळं विचारा. फोटो काढा, शेजारी एक रुपयाचं नाणं ठेवून. मग भारतीय भूवैज्ञानिक सर्वेक्षणाच्या नागपूरच्या कार्यालयाला कळवा. त्याआधी खात्री करून घ्यायची असेल तर माझ्या अंगणात या. चुंबक दोऱ्याला बांधलेलंच आहे.

रामपायली, कार्तिक पौर्णिमा